फेडोरावर उबुंटूचे 'डेब' पॅकेज: आधी उघडून बघा, मग ठरवा

प्रश्न थोडक्यात असा आहे. तालुक्याच्या गावी करसल्लागाराचे ऑफिस, कामाच्या लॅपटॉपवर फेडोरा हा लिनक्सचा एक प्रकार (डिस्ट्रो). डिजिटल सहीचे नवे यूएसबी टोकन आले, पण ते बनवणाऱ्या कंपनीने लिनक्ससाठी फक्त उबुंटू या दुसऱ्या डिस्ट्रोचे 'डेब' पॅकेज दिले आहे. तुम्ही 'एलियन' हे रूपांतर करणारे साधन वापरून त्याचे 'आरपीएम', म्हणजे फेडोराच्या पद्धतीचे पॅकेज, करून घेतले. बसवायला गेलात तेव्हा फेडोरात पॅकेजे बसवणाऱ्या डीएनएफने अडवले: मूळ '/' डिरेक्टरी आणि '/यूएसआर/लिब' या जागा 'फाइलसिस्टिम' नावाच्या पॅकेजाच्या आहेत, तुमचे पॅकेज त्यांच्याशी टक्कर घेते आहे. एकाने सुचवले, जबरदस्तीचा पर्याय लावून बसवून टाका. दुसऱ्याने सांगितले, फेडोरा पुसून उबुंटू टाका. रिटर्नची मुदत जवळ आली आहे, तर काय करावे?

दोन्ही करू नका. तुमच्या कामासाठी त्या पॅकेजमधली बहुधा एकच फाइल लागणार आहे, आणि ती फेडोरावर चालण्याची शक्यता चांगली आहे. बाकी जे लागते ते फेडोराच्या स्वतःच्या पॅकेज-भांडारात आधीपासून आहे. मी छोट्या ऑफिसांची लिनक्स यंत्रे सांभाळतो, आणि 'दुसऱ्या डिस्ट्रोचे पॅकेज माझ्याकडे कसे बसवू' हा प्रश्न माझ्यापुढे वेगवेगळ्या रूपांत सतत येतो. म्हणून उत्तर जरा सविस्तर देतो, म्हणजे पुढच्या वेळी प्रिंटर किंवा स्कॅनरच्या बाबतीत हेच झाले तर तुम्हाला स्वतः ठरवता येईल. आज्ञा आणि पाथ (फाइलींचे पत्ते) इथे देवनागरीत लिहितो आहे. टर्मिनलमध्ये ते रोमन अक्षरांत टाइप करायचे.

तुमच्या प्रश्नात 'डेबचे आरपीएम कसे करू' हा भाग खरे तर सर्वांत सोपा आहे. डेब म्हणजे 'एआर' या जुन्या पद्धतीचे एक संग्रहण असते. त्यात तीन गोष्टी असतात: आवृत्ती सांगणारी एक छोटी मजकूर फाइल, 'कंट्रोल' नावाचे टार (अनेक फाइलींचा एकत्र गठ्ठा) आणि 'डेटा' नावाचे टार. कंट्रोलमध्ये पॅकेजचे नाव, त्याला लागणारी इतर पॅकेजे आणि बसवताना-काढताना चालणाऱ्या स्क्रिप्ट असतात. डेटामध्ये प्रत्यक्ष फाइली असतात, ज्या पाथवर पडायच्या त्याच पाथसकट. आरपीएम १९९५ पासून रेड हॅटबरोबर आले. त्याची बांधणी वेगळी आहे, शीर्षकात माहिती आणि पोटात 'सीपीआयओ' पद्धतीचे संग्रहण, पण मतलब तोच. एकातून काढून दुसऱ्यात भरणे हे काही मिनिटांचे यांत्रिक काम आहे आणि एलियन तेवढेच करते. लिफाफा बदलतो, आतल्या पत्रावरचा पत्ता मात्र उबुंटूचाच राहतो. अडचण त्या पत्त्याची आहे.

आता डीएनएफने दाखवलेला तो त्रुटीचा संदेश. डेब पॅकेजमध्ये वाटेतल्या डिरेक्टऱ्यांचीही नोंद असते: मूळ '/', मग 'यूएसआर', मग 'लिब'. डेबियन, म्हणजे उबुंटू ज्यावर बेतलेले आहे ते डिस्ट्रो, त्याच्या जगात अनेक पॅकेजांनी एकाच डिरेक्टरीवर हक्क सांगणे चालते. एलियन ती सगळी यादी आरपीएममध्ये जशीच्या तशी उतरवते. फेडोरात मात्र या मूळ डिरेक्टऱ्यांची मालकी, परवानग्या आणि स्वरूप 'फाइलसिस्टिम' पॅकेजकडे असते, आणि तुमच्या पॅकेजमधली नोंद तिच्याशी तंतोतंत जुळली नाही की आरपीएम नकार देते. हा नकार योग्यच आहे. जबरदस्तीने बसवले तर एखाद्या मूळ डिरेक्टरीच्या परवानग्या बदलू शकतात, आणि पुढे कधी ते पॅकेज काढताना किंवा फेडोराची आवृत्ती वाढवताना हा गुंता अशा वेळी वर येतो की त्याचा या टोकनशी संबंध आहे हे कुणाच्या लक्षातही येत नाही.

एलियनचाच मार्ग धरायचा असेल तर त्यावर साधा उपाय आहे. रूपांतर करताना 'जनरेट' हा पर्याय द्या. मग एलियन आरपीएम बनवत नाही, फक्त उलगडलेल्या फाइली आणि पॅकेज कसे बांधायचे ते सांगणारी एक 'स्पेक' फाइल देते. त्या स्पेकमध्ये खाली फाइलींची यादी असते. तीतून '/', 'यूएसआर', 'यूएसआर/बिन', 'यूएसआर/लिब' अशा सामाईक डिरेक्टऱ्यांच्या ओळी काढा, पॅकेजच्या स्वतःच्या डिरेक्टऱ्या आणि फाइली ठेवा, आणि 'आरपीएमबिल्ड'ने पॅकेज बांधा. टक्कर थांबेल. पण टक्कर थांबली म्हणजे टोकन चालले असे नाही. एलियनच्या सूचनापुस्तिकेतही बजावून सांगितले आहे की सी लायब्ररीसारख्या व्यवस्थेच्या मुळाशी असलेल्या गोष्टी या मार्गाने बसवू नयेत. जे पॅकेज काढल्यावर यंत्र मोडेल ते एलियनने बदलायला जाऊ नये. टोकनचा ड्रायव्हर त्या वर्गात येत नाही, तरी मी तुमच्या जागी असतो तर हा मार्ग दुसऱ्या क्रमांकावर ठेवला असता.

पहिले काम, पॅकेज न बसवता उघडून बघणे. फेडोराच्या भांडारात 'डीपीकेजी' मिळते. ते घातल्याने फेडोराला काही होत नाही, फक्त डेब वाचण्याची साधने मिळतात. 'डीपीकेजी-डेब' या आज्ञेला 'इन्फो' पर्याय दिला की अवलंबनांची यादी दिसते, 'कंटेंट्स' दिला की फाइलींची. 'एक्स्ट्रॅक्ट'ने फाइली आणि 'कंट्रोल'ने स्क्रिप्ट एखाद्या रिकाम्या फोल्डरमध्ये काढून घ्या. उघडून बघण्याच्या या कामाला रूट, म्हणजे सर्वाधिकार असलेले खाते, लागत नाही आणि यंत्रावर काहीही बदलत नाही.

फाइलींची यादी आली की मी प्रत्येक फाइलला एकच प्रश्न विचारतो: हिला आजूबाजूला काय असावे असे वाटते आहे? या प्रश्नाच्या उत्तरात सगळे येते.

लायब्ररींपासून, म्हणजे अनेक प्रोग्राम वापरतात अशा सामाईक कोडच्या फाइलींपासून, सुरू करतो. डेबियन-उबुंटूत ६४-बिट लायब्ररी '/यूएसआर/लिब/एक्स८६_६४-लिनक्स-जीएनयू' या फोल्डरात राहतात, फेडोरात '/यूएसआर/लिब६४' मध्ये. उबुंटूच्या पाथवर पडलेली फाइल फेडोराचा लोडर (प्रोग्राम सुरू होताना लायब्ररी शोधणारा भाग) आपणहून शोधत नाही. पॅकेजांची नावेही वेगळी: उबुंटू ज्याला 'लिबपीसीएसलाइट१' म्हणते ते फेडोरात 'पीसीएससी-लाइट-लिब्ज' असते. म्हणून डेबमधली अवलंबनांची यादी वाचून तीच नावे फेडोरात शोधत बसू नका. फाइल स्वतः कोणती लायब्ररी मागते ते बघा. त्यासाठी 'रीडएल्फ' किंवा 'ऑब्जडम्प' वापरा, त्यात 'नीडेड' असे लिहिलेल्या ओळी येतात. लोक यासाठी सर्रास 'एलडीडी' सुचवतात, पण एलडीडी काही परिस्थितीत ती फाइल प्रत्यक्ष चालवू शकते आणि तिच्याच पुस्तिकेत अनोळखी फाइलींवर वापरू नका असे लिहिले आहे. मिळालेले नाव घेऊन डीएनएफला 'प्रोव्हाइड्स' विचारा. कोणते पॅकेज ते पुरवते हे तो सांगतो. उदाहरण द्यायचे तर, जुन्या बंद सॉफ्टवेअरला अनेकदा 'लिबक्रिप्ट.एसओ.१' लागते. फेडोरात आता त्याची नवी आवृत्ती असते, पण 'लिबएक्सक्रिप्ट-कॉम्पॅट' घातले की जुनीही मिळते.

सी लायब्ररी, म्हणजे जीलिबसी, हिचा नियम वेगळा आणि लक्षात ठेवण्यासारखा. जुन्या जीलिबसीवर बांधलेला प्रोग्राम नव्यावर चालतो, नव्यावर बांधलेला जुन्यावर चालत नाही. उबुंटू २०.०४ मध्ये २.३१, २२.०४ मध्ये २.३५ आणि २४.०४ मध्ये २.३९ आहे. फेडोरा दर सहा महिन्यांनी नवी आवृत्ती काढते, त्यामुळे ती या बाबतीत बहुधा पुढेच असते. म्हणून उबुंटूची फाइल तुमच्याकडे चालेल असे मी सुरुवातीला म्हणालो. हाच प्रश्न तुम्ही रेड हॅट एंटरप्राइझ ८ किंवा तिच्या भावंडांवरून विचारला असता तर माझे उत्तर बदलले असते, कारण तिथे २.२८ आहे आणि २२.०४ साठी बांधलेली फाइल 'जीलिबसी २.३४ सापडले नाही' असे म्हणून थांबण्याची शक्यता मोठी. अशा वेळी नवी जीलिबसी कुठून तरी आणून व्यवस्थेत घालणे हा उपाय कधीही नाही. यंत्रावरचा जवळपास प्रत्येक प्रोग्राम तिच्यावर उभा असतो.

ओपनएसएसएल या एन्क्रिप्शनच्या लायब्ररीचेही बघून घ्या, कारण सहीशी संबंधित सॉफ्टवेअरला ते हमखास लागते. जुनी पॅकेजे १.१ मागतात, फेडोरा ३६, उबुंटू २२.०४, डेबियन १२ या सगळ्यांनी ३ वर उडी घेतली आहे. '१.१' या नावाची सिमलिंक (दुसऱ्या फाइलकडे बोट दाखवणारे नाव) करून ती ३ कडे वळवा, असा सल्ला तुम्हाला नक्की मिळेल. मानू नका. नावातला आकडा बदलला तो आतली रचना बदलली म्हणूनच. प्रोग्राम कदाचित सुरू होईल आणि ऐन सही करताना कोसळेल. ओपनएसएसएल १.१.१ चा सार्वजनिक आधार ११ सप्टेंबर २०२३ ला संपला, तेव्हा ते जुने लायब्ररी पॅकेज व्यवस्थेत कायमचे घालून ठेवणेही बरे नाही. त्याला वेगळी जागा द्यावी लागते, त्याबद्दल पुढे.

मग स्क्रिप्ट. कंट्रोलमधली 'पोस्टइन्स्ट' ही फाइल साध्या संपादकात उघडा आणि खरोखर वाचा. बहुतेक वेळा ती वीस-तीस ओळींची असते. एलियन साधारणपणे या स्क्रिप्ट रूपांतरात घेतच नाही, मुद्दाम पर्याय द्यावा लागतो. लोकांना ते गैरसोयीचे वाटते, मला योग्य वाटते. 'अ‍ॅडयूजर' ही आज्ञा घ्या. डेबियनमध्ये ती वेगळी स्क्रिप्ट आहे आणि तिचे पर्याय वेगळे. फेडोरात त्याच नावाने 'यूजरअ‍ॅड' चालते. उबुंटूसाठी लिहिलेली ओळ इथे एकतर अडते नाहीतर भलतेच काही करते. यूएसबी उपकरणांच्या बाबतीत याहून नेहमीचा सापळा म्हणजे 'प्लगडेव्ह' हा गट. डेबियन घराण्यात तो असतो, फेडोरात नसतो. पॅकेजमधला यूडेव्हचा (जोडलेल्या उपकरणांच्या परवानग्या ठरवणाऱ्या सेवेचा) नियम 'हे उपकरण प्लगडेव्ह गटाला द्या' असे सांगत असेल तर फेडोरावर तो नियम निष्फळ ठरतो आणि टोकन फक्त रूटला दिसते. अशा वेळी तो नियम '/ईटीसी/यूडेव्ह/रूल्स.डी' मध्ये स्वतः लिहा आणि गटाऐवजी 'यूअ‍ॅक्सेस' हा टॅग लावा. त्याने यंत्रासमोर बसून लॉगिन केलेल्या व्यक्तीला आपोआप परवानगी मिळते. नियमाच्या फाइलचे नाव ७३ पेक्षा लहान आकड्याने सुरू करा, नाहीतर टॅग लागतो पण परिणाम होत नाही.

आता तुमच्या टोकनकडे येतो. साखळी कशी आहे ती आधी पाहू, कारण कुठली कडी कोण पुरवते हे कळले की अर्धे काम संपते. टोकन यूएसबीला लागते. बहुतेक टोकने 'सीसीआयडी' या प्रमाणित पद्धतीने बोलतात, तिचा ड्रायव्हर फेडोरात 'पीसीएससी-लाइट-सीसीआयडी' या पॅकेजमध्ये आहे. त्यावर 'पीसीएससीडी' ही सेवा. तिच्यावर टोकन कंपनीचे एक मॉड्यूल, म्हणजे एक '.एसओ' फाइल, जी 'पीकेसीएस-११' या ठरलेल्या पद्धतीने ब्राउझरशी किंवा सही करणाऱ्या प्रोग्रामशी बोलते. सहीची खासगी की टोकनच्या बाहेर कधीच येत नाही. सही आतच होते आणि निकाल बाहेर येतो. या साखळीत कंपनीची अशी कडी एकच आहे, ती '.एसओ' फाइल. बाकी सगळे फेडोराचे घ्या. कंपनीच्या डेबमध्ये पीसीएससीडीची त्यांची स्वतःची प्रत कोंबलेली असेल तर तिला हातही लावू नका.

म्हणून 'पीसीएससी-लाइट', 'पीसीएससी-लाइट-सीसीआयडी', 'पीसीएससी-टूल्स' आणि 'ओपनएससी' ही चार पॅकेजे डीएनएफने घाला. 'सिस्टिमसीटीएल'ने 'पीसीएससीडी.सॉकेट' सुरू करा आणि कायम चालू राहील असे करा. टोकन लावा आणि 'पीसीएससी_स्कॅन' चालवा. टोकन लावता-काढताना तिथे नोंद उमटली म्हणजे खालची बाजू ठीक आहे. काहीच दिसत नसेल तर ब्राउझरमध्ये कितीही खटपट केली तरी उपयोग नाही, आधी हेच सोडवा. ही चाचणी यंत्रासमोर बसूनच करा. फेडोरावर एसएसएचने दुरून लॉगिन केले असेल तर परवानग्या तपासणारी पोलकिट ही सेवा नकार देऊ शकते आणि टोकन बिघडल्यासारखे वाटते.

टोकन सीसीआयडी बोलत नसेल तर कंपनीच्या डेबमध्ये 'बंडल' या शेवटाने संपणारे एक फोल्डर सापडेल. उबुंटूत ते '/यूएसआर/लिब/पीसीएससी/ड्रायव्हर्स' मध्ये जाते, फेडोरात ते '/यूएसआर/लिब६४/पीसीएससी/ड्रायव्हर्स' मध्ये ठेवावे लागते. एलियनने केलेले आरपीएम ते जुन्याच जागी टाकते, आणि मग पॅकेज बसले आहे, त्रुटी नाही, पण टोकन दिसत नाही, अशी अवस्था होते. बंडल घरच्या फोल्डरातून हलवले असेल तर त्यावर 'रिस्टोअरकॉन' चालवा. पीसीएससीडीवर एसईलिनक्सचा, म्हणजे कोणत्या प्रोग्रामने काय वाचावे हे ठरवणाऱ्या सुरक्षा-व्यवस्थेचा, पहारा असतो, आणि चुकीच्या खुणेची फाइल तो वाचू देत नाही. एसईलिनक्स बंद करून टाकण्याचा सल्ला सगळीकडे मिळतो. एका आज्ञेने सुटणाऱ्या गोष्टीसाठी कराची कागदपत्रे असलेल्या यंत्राचे संरक्षण उतरवू नका.

खालची बाजू लागली की कंपनीचे मॉड्यूल बाजूला ठेवून आधी ओपनएससीने, म्हणजे अनेक टोकने ओळखणाऱ्या मुक्त मॉड्यूलने, प्रयत्न करा. 'पीकेसीएस११-टूल' या आज्ञेने स्लॉटची यादी मागा, मग 'ऑब्जेक्ट्स'ची, म्हणजे आतल्या की आणि प्रमाणपत्रांची. तुमचे प्रमाणपत्र तिथे दिसले, तर कंपनीच्या डेबची गरजच संपली. दिसले नाही तर तुमचे टोकन कंपनीच्या स्वतःच्या मांडणीने भरलेले आहे असे समजा आणि पुढे चला. इथे एक गोष्ट अगदी कळकळीने सांगतो. ओपनएससीबरोबर टोकन 'इनिशियलाइझ' किंवा 'इरेज' करणारे पर्यायही येतात. इंटरनेटवरच्या एखाद्या लेखात ती पायरी दिसली तरी करू नका. टोकन रिकामे झाले की आतली की गेली, तिची प्रत कुठेही नसते, आणि प्रमाणपत्र पुन्हा विकत घेण्यापासून सुरुवात करावी लागते. पिनही अंदाजाने टाकून बघू नका. ठरावीक चुकांनंतर टोकन कुलूपबंद होते.

आता कंपनीची '.एसओ' फाइल. डेबमधून काढलेल्या फोल्डरात ती शोधा. एकापेक्षा जास्त असतील तर 'फाइल' ही आज्ञा चालवून ६४-बिट कोणती ते बघा. ६४-बिट फायरफॉक्स ३२-बिट मॉड्यूल उघडत नाही. रीडएल्फने तिची मागणी तपासा. पीकेसीएस-११ मॉड्यूलांच्या मागण्या बहुधा मोजक्याच असतात, सी लायब्ररी, 'लिबपीसीएसलाइट' आणि आणखी एखादी, आणि हेच कारण आहे की हे प्रकरण वाटते तितके अवघड नाही. ती फाइल '/ऑप्ट' मध्ये कंपनीच्या नावाचे फोल्डर करून तिथे ठेवा, मालकी रूटची, बाकीच्यांना फक्त वाचण्याची मुभा. '/यूएसआर' मध्ये हाताने फाइली टाकायची सवय लावू नका, ती जागा आरपीएमची.

फायरफॉक्समध्ये सेटिंग्ज, मग प्रायव्हसी अँड सिक्युरिटी, तिथे खाली 'सिक्युरिटी डिव्हाइसेस'. 'लोड' म्हणून तो पाथ द्या. टोकनचे नाव दिसले आणि लॉगिन झाले की संपले. हे करताना तुमचा फायरफॉक्स फेडोराच्या भांडारातला आहे ना, एवढे बघा. फ्लॅटपॅकमधला असेल तर तो बंदिस्त जागेत चालतो आणि यजमान यंत्रावरची '/ऑप्ट' मधली फाइल त्याला दिसतच नाही. क्रोमचे मॉड्यूल घरच्या फोल्डरातल्या '.पीकेआय/एनएसएसडीबी' मध्ये 'मॉडयूटिल'ने नोंदवावे लागते. सगळ्या प्रोग्रामांना एकदमच द्यायचे असेल तर '/ईटीसी/पीकेसीएस११/मॉड्यूल्स' मध्ये पाथ सांगणारी एका ओळीची फाइल ठेवता येते, पण आधी एका ब्राउझरमध्ये चालते का ते बघून मगच.

इथपर्यंत मी गृहीत धरले की तुम्ही रिटर्न भरता त्या पोर्टलला ब्राउझर किंवा मॉड्यूल एवढेच पुरते. तसे नेहमी नसते. काही पोर्टलांना सहीसाठी वेगळा प्रोग्राम यंत्रावर चालू ठेवावा लागतो, आणि तो लिनक्सवर मिळतो का, मिळाला तर जावाच्या कुठल्या आवृत्तीवर चालतो, हे पोर्टलनुसार बदलते. तुमचे कोणते पोर्टल आहे ते तुम्ही लिहिलेले नाही. तो प्रोग्राम फक्त विंडोजसाठी असेल तर डेब-आरपीएमच्या सगळ्या चर्चेने फरक पडणार नाही. म्हणून मुदत गाठायची असेल तर हे आजच तपासा, टोकन लावायच्याही आधी.

मॉड्यूलला ओपनएसएसएल १.१ च लागत असेल, किंवा ते डझनभर उबुंटूच्या गोष्टी मागत असेल, तर मी कंटेनरकडे, म्हणजे त्याच यंत्रात दुसऱ्या डिस्ट्रोसाठी केलेल्या वेगळ्या जागेकडे, वळतो. फेडोरावर कंटेनर चालवणारे पॉडमन असते, त्यावर 'डिस्ट्रोबॉक्स' घालून डेबियन किंवा उबुंटूचे पूर्ण वातावरण उभे करता येते. तुमचे घरचे फोल्डर आत दिसते, आतला प्रोग्राम फेडोराच्या मेनूमध्ये आणता येतो, आणि डेब तिथे त्याच्या हक्काच्या जमिनीवर बसते. लेखा किंवा कागदपत्रांच्या साध्या प्रोग्रामांसाठी हा मार्ग मला एलियनपेक्षा कितीतरी पसंत आहे. टोकनसाठी मात्र दोन गोष्टी सांभाळाव्या लागतात. पीसीएससीडी यजमानावर चालते, म्हणून कंटेनर बनवतानाच '/रन/पीसीएससीडी' हे फोल्डर आत जोडावे लागते आणि दोन्हीकडच्या पीसीएससी-लाइटच्या आवृत्त्यांचा मेळ बसावा लागतो. आणि उबुंटू २२.०४ पासून 'एपीटी'ने (उबुंटूत पॅकेजे बसवणाऱ्या आज्ञेने) फायरफॉक्स मागितला की प्रत्यक्षात स्नॅप (उबुंटूचा वेगळा पॅकेज-प्रकार) बसवायला निघणारे पोकळ पॅकेज मिळते, जे कंटेनरमध्ये चालत नाही. त्यासाठी मी डेबियन घेतो, तिथे 'फायरफॉक्स-ईएसआर' साधे डेब म्हणून येते. यूडेव्हचे नियम आणि कर्नलचे (लिनक्सच्या गाभ्याचे) मॉड्यूल कंटेनरमधून बसवता येत नाहीत, ते यजमानावरच जायला हवेत. कंटेनर म्हणजे सुरक्षेची भिंत असेही समजू नका. डिस्ट्रोबॉक्स तुमच्या घरच्या फोल्डराला पूर्ण हात लावू शकते.

उलट दिशेने, म्हणजे आरपीएम हातात आणि यंत्र उबुंटूचे, तर विचार हाच, फक्त साधने 'आरपीएम२सीपीआयओ' वगैरे बदलतात. 'दोन्हीकडे डेबच आहे, मग काय अडचण' असे मानणाऱ्यांची पंचाईत जास्त होते. उबुंटूने २१.१० पासून पॅकेजे 'झेडस्टँडर्ड'ने दाबायला सुरुवात केली. डेबियन ११ मधले डीपीकेजी ते उघडूच शकत नाही, डेबियन १२ मधले उघडते. उबुंटूचे पीपीए (उबुंटूसाठीची खासगी पॅकेज-भांडारे) डेबियनला जोडल्याने जी अर्धी-अर्धी व्यवस्था तयार होते, तिच्याविरुद्ध डेबियनच्या विकीवर स्वतंत्र पानच आहे. अल्पाइन या डिस्ट्रोची सी लायब्ररीच वेगळी, मसल नावाची, त्यामुळे तिथे उबुंटूची बांधलेली फाइल सहसा सुरूच होत नाही. आणि फ्रीबीएसडी या लिनक्स नसलेल्या प्रणालीवर तर कर्नलच वेगळे, तरी ते लिनक्सचे सिस्टिम कॉल स्वतः हाताळून लिनक्सचे प्रोग्राम चालवते, हे मला आजही फार सुंदर काम वाटते. पण यूएसबी टोकनसाठी मी तुम्हाला तिकडे पाठवणार नाही.

विश्वासाचा मुद्दा राहिला. आरपीएम पॅकेजमध्ये सही पॅकेजच्या आतच असते. डेबच्या जगात सही साधारणपणे भांडाराच्या यादीवर असते, सुट्या डेबवर नसते. म्हणजे कंपनीच्या साइटवरून उतरवलेल्या त्या एकट्या डेबची खातरी पटवणारे आत काहीच नसण्याची शक्यता आहे. ते फक्त कंपनीच्या अधिकृत साइटवरून, एचटीटीपीएसने घ्या; चेकसम (फाइल बदललेली नाही हे तपासायचा आकडा) दिला असेल तर जुळवा. विक्रेत्याने व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलेली फाइल घेऊ नका. ज्या मॉड्यूलमधून तुमचा पिन जातो आणि तुमच्या अशिलांच्या कागदांवर सही होते, त्याबाबत एवढी कडक शिस्त हवीच.

आणि हे असे बसवलेले मॉड्यूल डीएनएफ कधीच अद्ययावत करणार नाही. '/ऑप्ट' मधल्या त्याच फोल्डरात एक मजकूर फाइल ठेवा: डेब कुठून घेतले, आवृत्ती कोणती, कोणती फाइल कुठे ठेवली, यूडेव्हचा नियम कोणता लिहिला. फेडोराची आवृत्ती वाढवल्यावर रीडएल्फची तपासणी पुन्हा करा. ऑफिसात अशी दोन-चार यंत्रे असतील तर मॉड्यूल आणि नियम यांचे स्वतःचे छोटे आरपीएम बांधणे फायद्याचे. स्पेक फाइल दहा-पंधरा ओळींची होते, त्यात 'पीसीएससी-लाइट' ची गरज नोंदवता येते, आणि काढताना काही मागे राहत नाही.

क्रम असा ठेवा: पोर्टलला काय लागते ते बघणे, मग पीसीएससी_स्कॅन, मग ओपनएससी, मग '.एसओ' हाताने, आणि ते फसले तरच कंटेनर. एलियनने केलेले आरपीएम अर्धवट बसले असेल तर 'आरपीएम'ला त्याचे नाव विचारून ते आधी काढून टाका. अडलात तर फेडोराची आवृत्ती, 'एलएसयूएसबी' मधली टोकनची ओळ, पीसीएससी_स्कॅन काय म्हणते ते, मॉड्यूलच्या 'नीडेड' ओळी आणि पोर्टलचे नाव एवढे लिहून पाठवा. टोकनचा क्रमांक, पिन आणि प्रमाणपत्रातले नाव त्यातून वगळा.